दारातला निरोप

पुरिंग पाल्मारेस नेमकं काय काम करते, हे तिच्या सख्ख्या भावालाही धड सांगता येत नसे. कुणी विचारलंच तर तो म्हणायचा, "सिनेमे काढते. पण नट-नट्या नसतात त्यात." इलोइलो शहरात ती राहायची त्या गल्लीतल्या बायकांची समजूत होती की ही लग्नाचे व्हिडिओ करते आणि धंदा काही चालत नाही. चालणार कसा? हिच्या सिनेमात जो तो घामेजलेला, फाटक्या बनियनमधला. एकीनं तिला भर बाजारात सल्ला दिला होता, "अगं, नवऱ्यामुलाला निदान पावडर तरी लावत जा." पुरिंगनं हसून मान डोलावली आणि भाजी घेऊन घरी आली. समजावून सांगायच्या भानगडीत ती कधी पडली नाही.

ती माहितीपटांची निर्माती होती. गोरगरिबांच्या हालअपेष्टांवरचे, सरकारला टोचणारे, शाळांच्या सभागृहात आणि चर्चच्या मागच्या खोलीत दाखवायचे माहितीपट. दिग्दर्शकाचं नाव पडद्यावर मोठ्या अक्षरात येतं, निर्मातीचं त्यानंतर येतं, आणि तोवर लोक खुर्च्या सरकवायला लागलेले असतात. पण काम सगळं निर्मातीचं. बोट ठरवायची, डिझेल आणायचं, सगळ्यांना वेळेवर भात घालायचा, पोलिसठाण्यात जाऊन गोड बोलायचं. आणि या सगळ्याहून अवघड काम म्हणजे माणसांचा होकार मिळवायचा. ज्याचं दुःख दाखवायचं त्यानं "दाखवा" म्हटलं पाहिजे. या होकाराच्या कामात पुरिंगचा हात धरणारं त्या बेटांवर कुणी नव्हतं. ती कुणाच्याही स्वयंपाकघरात पाटावर बसायची, लसूण सोलू लागायची आणि भात शिजेस्तोवर घरातल्या बाईचा होकार खिशात घालून उठायची.

वडील बंदरावर बोटीची तिकिटं फाडायचे. ननांच्या शाळेत शिकून पुरिंग रेडिओवर वादळाच्या बातम्या वाचायला लागली, तिथून मनिलाला टीव्हीत गेली. तिथं एका पुराच्या वेळी साहेबांनी बातमीदाराला गुडघाभर पाण्यात मांडी घालून बसवलं आणि पाणी छातीपर्यंत चढलंय असं देशाला दाखवलं. पुरिंगच्या तळपायाची आग मस्तकात गेली. साहेबांच्या तोंडावर ती म्हणाली, "पूर काय कमी होता का, म्हणून तुम्ही माणूस बुटका केलात?" नोकरी सोडून ती गावाकडे परतली आणि एका बेकरीच्या माळ्यावर स्वतःचं ऑफिस थाटलं. खालून पावाचा वास यायचा, उंदीरही यायचे. ऊसतोड मजुरांवर एक फिल्म केली, समुद्राकाठची वस्ती बुलडोझरनं पाडली तिच्यावर एक. त्या वस्तीतल्या लोकांना नंतर दुसरीकडे जागा आणि नळ मिळाला, तो पुरिंगच्या फिल्ममुळे असं ते लोक अजून सांगतात. तेही काही खोटं नाही. लग्न राहून गेलं. केस पांढरे झाले. सगळे तिला मानांग म्हणायचे, म्हणजे थोरली बहीण, आणि ते तिला आवडायचं.

एक नेम तिनं पहिल्यापासून पाळला होता. फिल्म पुरी झाली की ज्यांची, त्यांना आधी दाखवायची, बाकीच्यांना मागाहून. "त्यांचं तोंड, त्यांना आधी दिसू दे," असं ती म्हणायची आणि म्हणताना तिचा चेहरा जरा उजळायचा. आपण चांगल्या आहोत याची जाणीव तिला होती, थोडी जास्तच होती.

'पिवळी नळी' या फिल्मच्या वेळी तो नेम मोडला.

तागुबान नावाचं कोळ्यांचं गाव. तिथले तरुण पुरुष समुद्राच्या तळाशी जाऊन समुद्रकाकड्या, काकडीसारखे दिसणारे मऊ प्राणी, गोळा करतात. पाठीवर टाकी नाही, अंगावर पोशाख नाही. टायरमध्ये हवा भरायचा पंप बोटीवर घरघरत असतो, त्याची पिवळी प्लास्टिकची नळी दातात धरायची आणि खाली जायचं. वर येताना घाई झाली की रक्तात बुडबुडे होतात, कुणाचे पाय जातात, कुणी जिवानिशी जातो. सगळ्या गावाला हे ठाऊक आणि सगळं गाव त्याच नळीवर जेवतं. पुरिंग आणि तिचा दिग्दर्शक नाटो तिथं कितीतरी दिवस राहिले. नाटो मनिलाचा, तिच्या निम्म्या वयाचा, हुशार आणि हट्टी. रोदेल नावाचा एक हसरा पाणबुड्या त्यांनी निवडला होता. त्याची बायको ज्युवेलिन, लहानगी मुलगी, धाकटा भाऊ जुनमार आणि आई, जिला सगळं गाव नानाय एस्तेंग म्हणे, असं ते एका खोलीचं खांबांवरचं घर.

चित्रीकरण संपत आलं असताना रोदेल वर आला तो बोलेनाच. संध्याकाळपर्यंत संपला.

नाटो रडला. पुरिंगही रडली, मनापासून रडली. आणि डोळे पुसून दोघांनी एकमेकांकडे पाहिलं तेव्हा दोघांच्या मनात एकच गोष्ट होती. ती बोलून दाखवायची गरजच पडली नाही. पुरिंग ज्युवेलिनकडे गेली, तिला पोटाशी धरलं आणि म्हणाली, "इनदाय, पोरी, रोदेल असा गेला हे लोकांनी बघायला नको का?" ज्युवेलिन म्हणाली, "बघू देत." होकार मिळाला.

तिसऱ्या दिवशी दुपारी चित्रीकरणाची आवराआवर चालली होती. शवपेटी पुढच्या भागात, चेहऱ्यावर काच, उशाशी मेणबत्त्या. घरामागे ताडपत्रीखाली गावकरी पत्ते खेळत बसलेले. मयताच्या घरी माणसांचा राबता पाहिजे, मृताला एकटं ठेवायचं नसतं. नानाय एस्तेंग आतल्या बाजूला पडदा ओढून पडली होती. नाटो ओठ चावत येरझारा घालत होता.

"मानांग, शेवट सापडत नाहीये."

"माणूस मेला, नाटो. आणखी कसला शेवट हवा तुला?"

"तो नाही. आपण निघतोय आणि ती दारात उभी राहून आपल्याला निरोप देतेय. एवढंच. एवढ्यात सगळं येईल बघ."

पुरिंगनं त्याच्याकडे रोखून पाहिलं. त्या देशात शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं, मयताच्या घरून पाहुणा निघाला की घरच्यांनी जागचं हलायचं नाही. दारापर्यंत जायचं नाही, हात हलवायचा नाही, पुन्हा या म्हणायचं नाही. पाहुण्यानंही गुपचूप निघून जायचं. जो पोचवायला उठतो तो घरातल्या आणखी एकाला मरणाची वाट दाखवतो.

"असं नसतं करायचं. तुलाही माहीत आहे."

"मला माहीत आहे, तुला माहीत आहे. जे बघणार आहेत त्यांना कुठं माहीत आहे?"

खरं तर इथंच त्याच्या कानाखाली वाजवायची आणि सामान उचलायचं. पण पुरिंगला ते चित्र दिसलं होतं. अंधाऱ्या खोलीतून उजेडात आलेली, काळ्या कपड्यातली पोरगी, एक हात चौकटीला. चांगलंच होतं ते. हेच तर दुखणं होतं.

ती जाऊन ज्युवेलिनशेजारी बसली. "एक मदत करशील का गं?"

ऐकून ज्युवेलिन गोंधळली. "पण मानांग, ते चालत नाही ना?"

"पाहुण्यांना चालत नाही. आम्ही कुठले पाहुणे? आम्ही कामाची माणसं. आम्हाला पोचवलं तर ते पोचवणं धरत नाहीत."

इतकी धडधडीत बनवाबनवी पुरिंगनं त्याआधी कधी केली नव्हती, आणि ती इतक्या सहज जिभेवर आली की तिचं तिलाच नवल वाटलं. थोरल्या बहिणीनं सांगितलं म्हणून ज्युवेलिन उठली. दारात आली आणि हुंदके देऊन रडायला लागली. चेहराच दिसेना. नाटोनं मान हलवली. पुरिंग तिला म्हणाली, "जरा कमी रड गं राणी, परत एकदा." मग हात हलवायचा राहिला, परत एकदा. मग हात जास्तच हलला, परत एकदा. शेवटी पुरिंग म्हणाली, "किंचित हस. म्हणजे कशी धीराची बाई दिसशील." ज्युवेलिन हसली. नाटोनं अंगठा वर केला.

ते हसू फिल्मचं शेवटचं चित्र झालं. परदेशातल्या एका मोठ्या महोत्सवानं फिल्म घेतली, पण अट घातली की त्याआधी कुठंही दाखवायची नाही. कुठंही म्हणजे तागुबानलाही. पुरिंगनं दोन दिवस तोंड वाकडं केलं आणि सही केली. तिकडच्या थंडीत उसना कोट घालून ती मंचावर उभी राहिली. परीक्षकांतली एक म्हातारी बाई डोळे टिपत म्हणाली की एवढ्या दुःखातही पाहुण्याला हसून निरोप देणारी ती स्त्री मी मरेपर्यंत विसरणार नाही. सगळं सभागृह उभं राहिलं. पुरिंगनं छातीवर हात ठेवून मान लववली. त्या वेळी तिला लाज वाटली का? खरं सांगायचं तर नाही वाटली. छान वाटलं.

ती तिकडे असतानाच जुनमार गेला. तोच पंप, तीच नळी. पुरिंगला फोनवर कळलं. तिनं दुसऱ्या गावातल्या ओळखीच्या माणसाकरवी मोठं पुष्पचक्र पाठवलं, रीतीप्रमाणे त्यावर रेशमी पट्टी आणि पट्टीवर तिच्या कंपनीचं नाव सोनेरी अक्षरात.

पुढं पावसाळा उलटल्यावर तिनं ठरवलं, आता तागुबानला फिल्म दाखवायचीच. गावच्या बास्केटबॉलच्या मैदानावर पत्र्याचं छप्पर होतं. तिथं पांढरं कापड ताणलं, खुर्च्या मांडल्या. गावचा प्रमुख इस्त्रीचा शर्ट घालून आला. शहरातून प्रांताचे अधिकारी आले, मदत देणाऱ्या संस्थेची गोरी बाई आली, त्यांना पुढची रांग. केळीच्या पानातला गोड भात सगळ्यांना वाटला. पुरिंग लग्नघरातल्या यजमानिणीसारखी मिरवत होती.

ज्युवेलिननं तिला मैदानामागच्या नळापाशी गाठलं. पोरगी वाळली होती. कडेवर मुलगी.

"मानांग, ते आहे का त्यात?"

"काय गं?"

"ते दारातलं."

तिनं ते चित्र इतक्या वेळा पाहिलं होतं की ते मयताच्या घरात घडलं होतं हेच ती विसरली होती. तिच्या लेखी तो फिल्मचा शेवट होता, बस्स.

"आहे. पण क्षणभराचं आहे. कोण एवढं बघतंय?"

"सगळे बघतील," ज्युवेलिन म्हणाली. "जुनमार गेल्यापासून गावात तेच चाललंय. मयत घरात असताना जे चालत नाही ते कुणी केलं, केर कुणी काढला, शेवग्याची भाजी कुणी खाल्ली. एकमेकांची उणीदुणी काढतायत. आणि नानाय माझ्याशी धड बोलत नाहीत. पाणी दिलं तर ग्लास बाजूला ठेवतात. का ते सांगत नाहीत. मला त्या घराशिवाय कुठं आहे हो जागा? माझे आईबाप आहेत का मागे? तेवढं काढता नाही येणार?"

"बघते मी," पुरिंग म्हणाली.

"नक्की ना?"

"अगं, म्हटलं ना बघते."

आणि तिच्या मनात खरोखरच होतं. शेवटचंच तर चित्र. त्याच्या आधी बंद केलं की काम झालं. ती कॉम्प्युटरपाशी जाऊन बसली, नाटोला उठवून स्वतः बसली. फिल्म सुरू झाली. लोक आपापली तोंडं ओळखून हसले, रोदेल पडद्यावर आला तेव्हा हमसून रडले. पुढच्या रांगेतली गोरी बाई वहीत काहीतरी टिपत होती. शेवट जवळ येत गेला. पुरिंगनं बटणावर बोट ठेवलं. आता दाबायचं. पण मध्येच बंद पडलं तर पाहुणे काय म्हणतील, प्रमुख काय म्हणेल, तिकडे सभागृह उभं राहिलं होतं ते याच चित्राला. आणि त्याच्यानंतर नावं येतात. तिचं नाव येतं. या गावात, एवढ्या सगळ्यांसमोर, तिचं नाव यायचं होतं.

तिनं बोट दाबलं नाही.

पडद्यावर ज्युवेलिन दारात आली, तिनं हात हलवला, आणि हसली.

मागच्या बाजूला एका बाईनं पटकन छातीवर क्रुसाची खूण केली, मग दुसरीनं. गोऱ्या बाईनं टाळ्या वाजवल्या. एकटीनंच. कुणीच साथ देत नाही असं पाहून ती थांबली. नावं वर सरकत गेली, पुरिंगचंही गेलं. ज्युवेलिन मुलीला उचलून उठली. लोकांनी तिला वाट दिली, जरा जास्तच मोठी वाट दिली, तिचा स्पर्श होईल की काय अशी. नानाय एस्तेंग खुर्चीत तशीच बसून होती, कोऱ्या कापडाकडे बघत.

त्या क्षणी उठून चार शब्द बोलायला पुरिंगला काय धाड भरली होती? माईक हाताशी होता. ती तोंडाळ बाई, पोलिसांना पुरून उरलेली. तिनं माईक उचलला आणि म्हणाली, "सगळ्यांनी जेवून जा."

रात्रभर तिचा डोळा लागला नाही. कूस बदलली की नळापाशी उभी असलेली ज्युवेलिन समोर यायची. आपली आपल्यालाच किळस येणं काय असतं, ते तिला या वयात कळत होतं. सकाळी ती कुणाला न सांगता त्या घराकडे निघाली. रविवार होता. चर्च सुटलं होतं. घराखाली खांबांच्या सावलीत नानाय एस्तेंग मासे चिरून खारवत होती, शेजारच्या तीनचार बायका बांबूच्या जाळीवर ते पसरत होत्या. ज्युवेलिन एका कडेला भांडी घासत होती. पुरिंगला बघून सगळ्यांचे हात थांबले.

"या," नानाय म्हणाली. "बसा. कॉफी घेणार?"

"नको. नानाय, मला तुम्हाला काही सांगायचंय. ते दारातलं. ज्युवेलिननं आपणहून नाही केलं. मी सांगितलं म्हणून केलं. जुनमारचं तिच्या माथी मारू नका. तिचा काही दोष नाही."

बोलून झाल्यावर तिला जरा हलकं वाटलं. कठीण काम आपण पार पाडलं, असं वाटलं. म्हातारीनं सुरी पाण्यात बुचकळून पुसली.

"जुनमारला पंपानं मारलं," ती म्हणाली. "हे सांगायला तुम्ही एवढा सिनेमा काढलात, आणि आता तुम्हीच येऊन मला सांगताय की सुनेनं हात हलवला म्हणून माझा पोर गेला असं मला वाटतंय? मी म्हातारी आहे, खुळी नाही."

पुरिंगनं विचारलं, "मग तुम्ही तिच्यावर राग का धरलात?"

"आणि हसायला?"

"काय?"

"दारात यायला तुम्ही सांगितलंत. हसायला कुणी सांगितलं?"

दारात बोलावणं एक. शेवटी ती चूक, रीतीभातीची चूक, सांगता येण्यासारखी. पण नवरा घरात मरून पडलेला असताना बाईला हस म्हणणं, हे कुठल्या तोंडानं सांगायचं? जाळीपाशी उभ्या बायका बघत होत्या. त्या काल रात्रीच घरोघर बोलल्या असणार, रोदेल घरात होता आणि ही हसत होती.

"मीच हसले, नानाय," ज्युवेलिन भांड्यांवरून मान न उचलता म्हणाली. "मानांगनी नाही सांगितलं. माझं मलाच हसू आलं."

पाहुण्याची मान खाली जाऊ नये म्हणून ती पोर स्वतःच्या गळ्यात फास घेत होती. आणि पुरिंग गप्प राहिली. फार वेळ नाही, पण राहिली. तेवढ्या वेळात तिच्या मनात येऊन गेलं की चला, सुटलो.

"तू गप्प बस," म्हातारी सुनेवर ओरडली. मग ती पुरिंगकडे वळली, आणि आता ती तिला पाहुणी म्हणून बोलत नव्हती. "मी पडद्याच्या मागे होते गं त्या दिवशी. झोपले नव्हते. कुणाची आई झोपेल? परत एकदा, परत एकदा, सगळं ऐकलं. राणी म्हणालीस तिला. माझा रोदेल तिथं पडलेला आणि त्याच्या बायकोला तू शिकवत होतीस कसं रडायचं. तेव्हाच उठून तुला हाकलून द्यायला हवं होतं. पण पाहुण्याला कसं बोलायचं? आमच्यात नाही बोलत. म्हणून मग हिच्यावरच राग काढत राहिले. मनात एकच, हिनं का ऐकलं, ही का उठली. वर्षभर हिलाच टोचलं. हिनं एकदाही तुझं नाव नाही घेतलं. मला वाटायचं, कधीतरी घेईल." तिनं सुरी खाली ठेवली. "आता बोल. मला तुझ्या तोंडून ऐकायचंय. मला एकटीला नको, यांनाही ऐकू दे."

पुरिंगनं आयुष्यभर लोकांना कॅमेऱ्यासमोर बसवून हेच सांगितलं होतं. घाबरू नका, खरं तेवढं बोला. किती सोपं वाटायचं ते.

"मी सांगितलं हसायला," ती म्हणाली. "ती रडत होती. मीच तिला रडू दिलं नाही."

"मोठ्यानं."

"मी सांगितलं. तिनं नको म्हटलं होतं. मी तिला फसवलं, आम्ही पाहुणे नाही म्हणून. काल तिनं ते काढायला सांगितलं, मी हो म्हटलं आणि काढलं नाही."

बायकांतली एक, कमरेला फडकं गुंडाळलेली, जवळ आली. सुस्वभावी बाई होती, पुरिंगला सुटायला वाट देऊ पाहत होती. "तुम्ही शहरात राहता ना, मानांग. आपल्या चालीरीती तुम्हाला ठाऊक नसतील."

"ठाऊक होत्या," पुरिंग म्हणाली. "आई गेली तेव्हा आमच्या घरी मीच सगळ्यांना खाली बसवत होते, कुणाला पोचवायला उठू देत नव्हते."

त्या बाईनं हळूच मागं होऊन जाळीवरचा मासा उलटा केला, मग दुसरा. बाकीच्याही कामाला लागल्या. कुणी रागे भरलं नाही, कुणी शिवी दिली नाही. शिवी दिली असती तर पुरिंगला बरं वाटलं असतं. नानाय एस्तेंगनं सुनेकडे पाहिलं. मग उठून ती भांड्यांपाशी गेली, ज्युवेलिनच्या हातातली कढई काढून घेतली आणि स्वतः घासायला बसली. एवढंच केलं तिनं. पण गावच्या त्या चार बायकांनी ते पाहिलं, म्हणजे संध्याकाळपर्यंत गावानं पाहिलं.

"मी ते कापून टाकते," पुरिंग म्हणाली. "सगळीकडून परत मागवते. जिथं जिथं गेलीय तिथून."

ज्युवेलिन ओले हात परकराला पुसत उभी होती. तिच्या चेहऱ्यावर राग नव्हता. पुष्कळ दिवस एक गोष्ट विचारायची राहून गेली असावी आणि आता विचारून टाकावी, तसं ती बोलली.

"मानांग, तुम्ही त्याला बघितलंत का हो?"

"कुणाला?"

"रोदेलला. घरात जो येई तो आधी त्याच्यापाशी जायचा, वाकून त्याचं तोंड बघायचा, मग माझ्याकडे वळायचा. अगदी पत्ते खेळायला आलेलेसुद्धा. तुम्ही सगळे इतके घाईत होता, माझ्या लक्षातच नाही राहिलं. नानायनी त्याला पांढरा शर्ट घातला होता. छान दिसत होता तो. बघितलंत का?"

पुरिंगनं आठवून पाहिलं. खोली आठवली, मेणबत्त्या आठवल्या, दिव्याची वायर कुठून ओढली होती तेही आठवलं. पेटीची काच आठवली. दिव्याचा झोत तिच्यावर पडून ती चमकत होती, चित्र बिघडत होतं. "अरे, ते झाका कुणीतरी," असं ती स्वतःच म्हणाली होती, आणि नाटोनं खांद्यावरचा घामेजलेला टॉवेल काढून त्या काचेवर, रोदेलच्या तोंडावर, टाकला होता.

"नाही," ती म्हणाली. "नाही बघितलं."